सहा अजिंक्यपदं मिळवून देणाऱ्या कोचला क्लबने तार पाठवून काढलं; नॉर्म स्मिथ यांची गोष्ट

मेलबर्न क्रिकेट ग्राउंड, म्हणजेच एमसीजी, हे नाव आपल्याकडच्या प्रत्येक क्रिकेटवेड्याच्या तोंडपाठ आहे. नाताळच्या दुसऱ्या दिवशी सुरू होणारी कसोटी तिथंच होते. २०२० मध्ये अजिंक्य रहाणेनं कर्णधार म्हणून ११२ धावांची खेळी करून भारताला जिंकून दिलं, तेही याच मैदानावर. पण मेलबर्नच्या माणसाला विचारलं तर तो एमसीजीचा मोठा दिवस वेगळाच सांगेल. सप्टेंबर अखेरचा शनिवार, ऑस्ट्रेलियन फुटबॉलची ग्रँड फायनल. वर्षभराच्या हाणामारीचा निकाल त्या एका दुपारी लागतो.

सामना संपला की मैदानावर सर्वोत्तम ठरलेल्या खेळाडूच्या गळ्यात एक पदक पडतं. त्याचं नाव नॉर्म स्मिथ पदक. ऑस्ट्रेलियात शाळकरी पोरालाही हे नाव माहीत असतं. पण ज्या माणसाचं हे नाव आहे, त्याला त्याच्याच क्लबने एका शुक्रवारी रात्री तार पाठवून घरी बसवलं होतं. आणि त्यानंतर त्या क्लबला पुढचं अजिंक्यपद मिळायला ५६ वर्षं लागली.

खेळ कसा, फायनलची पद्धत काय

आधी खेळ थोडा समजून घेऊ. हा आपला फुटबॉल नव्हे. क्रिकेटच्या अंडाकृती मैदानावर एका बाजूला १८ खेळाडू असतात. चेंडूही लंबगोल. दोन्ही टोकांना चार-चार खांब. मधल्या दोन खांबांतून चेंडू लाथेने पलीकडे गेला की ६ गुण, बाजूच्या खांबांमधून गेला तर फक्त १. चेंडू हातात घेऊन पळता येतं, लाथ मारता येते, मुठीनं ठोसून सोबत्याकडं देता येतो. फेकला तर मात्र फाऊल.

साखळी सामने संपल्यावर वरचे चार संघ पुढं जायचे. पहिल्या आणि दुसऱ्या क्रमांकाची आपसात गाठ. जो जिंकेल तो थेट फायनलमध्ये, हरणाऱ्याला अजून एक संधी. तिसऱ्या-चौथ्यात जो हरेल तो मात्र घरी. आयपीएलच्या प्लेऑफची पद्धत हुबेहूब हीच आहे. मेलबर्नच्या लीगने ती १९३१ सालीच सुरू केली. केन मॅकिंटायर नावाच्या वकिलाच्या डोक्यातून ती निघाली. नॉर्म स्मिथ यांची जवळपास सगळी कारकीर्द याच पद्धतीत गेली. त्यातली प्रत्येक वाट त्यांनी तुडवली.

स्वतःपेक्षा सोबत्याला गोल

नॉर्म स्मिथ यांचा जन्म २१ नोव्हेंबर १९१५ रोजी मेलबर्नच्या क्लिफ्टन हिल भागात झाला. थोरला भाऊ लेन हाही पुढं नावाजलेला कोच झाला. १९३५ मध्ये नॉर्म मेलबर्न क्लबकडून खेळायला लागले. केसांचा रंग लालसर, त्यामुळं लोक त्यांना रेड फॉक्स, म्हणजे लाल कोल्हा म्हणत. डोकंही कोल्ह्यासारखंच चालायचं.

ते पुढच्या फळीत, अगदी गोलच्या तोंडाशी खेळायचे. अशा जागेवरच्या खेळाडूला गोलांची हाव असते. स्मिथ वेगळे होते. चेंडू येताना दिसला की ते मुद्दाम बाजूला पळायचे. प्रतिस्पर्धी बचावपटू त्यांच्या मागं ओढला जायचा आणि रिकाम्या झालेल्या जागेत सोबती घुसायचा. गोल सोबत्याच्या नावावर जमा व्हायचा. असं असूनही मेलबर्नसाठी २१० सामन्यांत त्यांनी स्वतः ५४६ गोल केले, हे विशेष.

कोच होते फ्रँक ह्यूजेस. सगळे त्यांना चेकर म्हणत. त्यांच्या हाताखाली मेलबर्नने १९३९, १९४० आणि १९४१ अशी सलग तीन अजिंक्यपदं जिंकली. तिन्ही फायनलमध्ये स्मिथ होते.

१९४० च्या फायनलमध्ये त्यांच्यासोबत रॉन बरासी नावाचा एक खेळाडू होता. दुसरं महायुद्ध सुरू होतं. बरासी सैन्यात गेला आणि ३१ जुलै १९४१ रोजी आफ्रिकेतल्या टोब्रुकच्या लढाईत मारला गेला. त्या लीगचा या युद्धात कामी आलेला तो पहिला खेळाडू. मागं बायको आणि पाच वर्षांचा मुलगा राहिला. मुलाचं नावही रॉनच. हा मुलगा पुढं या गोष्टीत पुन्हा येणार आहे.

फायनल बरोबरीत, पुन्हा खेळा

१९४५ ते १९४७ स्मिथ कर्णधार होते. १९४६ ची फायनल एसेंडनकडून हरले. दोन वर्षांनी पुन्हा एसेंडनच समोर आलं. २ ऑक्टोबर १९४८ च्या त्या फायनलमध्ये एसेंडनने गोलवर चेंडूंचा मारा केला, पण नेम चुकत राहिला. त्यांचे ७ गोल झाले आणि तब्बल २७ वेळा चेंडू बाजूच्या खांबांतून गेला. मेलबर्नचे १० गोल आणि ९ वेळा बाजूला. हिशेब मांडला तर दोघांचेही ६९ गुण! लीगच्या इतिहासात फायनल पहिल्यांदाच बरोबरीत सुटली.

तेव्हा जादा वेळ खेळवण्याची पद्धत नव्हती. पुढच्या शनिवारी सगळं पहिल्यापासून. ९ ऑक्टोबरला मेलबर्नने ८९-५० असा सामना मारला. जॅक म्युलर या जुन्या खेळाडूनं दोन्ही सामन्यांत सहा-सहा गोल केले. स्मिथ यांचं खेळाडू म्हणून हे चौथं अजिंक्यपद. आता फायनल बरोबरीत राहिली तर जादा वेळ देतात, पण तो नियम यायला २०१६ साल उजाडावं लागलं.

ह्यूजेस निवृत्त झाले. स्मिथ यांना कोच व्हायचं होतं. कमिटीनं मात्र ॲलन ला फाँटेन या दुसऱ्या जुन्या खेळाडूला निवडलं. स्मिथ गुपचूप फिट्झरॉय क्लबकडे गेले आणि तिथं खेळत खेळत कोच झाले. तीन वर्षांत मेलबर्नची अवस्था अशी झाली की १९५१ च्या हंगामात एकच सामना जिंकून संघ तळाला गेला. मग कमिटीला स्मिथ आठवले. १९५२ ला ते परत आले.

वस्तादाच्या घरी राहिलेला पठ्ठ्या

सुरुवात काही चांगली नव्हती. १९५३ मध्ये १२ संघांत मेलबर्न अकरावा. पण स्मिथ त्याच वेळी नवी पोरं घडवत होते.

त्यातलाच एक रॉन बरासी. टोब्रुकला पडलेल्या सोबत्याचा मुलगा. त्याच्या आईनं दुसरं लग्न केलं आणि ती टास्मानियाला गेली. फुटबॉलसाठी मेलबर्नमध्येच राहायचं, हा मुलाचा हट्ट. स्मिथ आणि त्यांची पत्नी मार्ज यांनी त्याला आपल्या घरी ठेवून घेतलं. तेव्हा कोणत्या भागातला मुलगा कोणत्या क्लबकडून खेळणार हे ठरलेलं असायचं. पण वडील ज्या क्लबकडून खेळले तिथं मुलाला खेळता यावं, अशा नियमाची वाट निघाली आणि १९५३ मध्ये रॉन मेलबर्नच्या संघात आला.

आपल्याकडं तालमीतला पठ्ठ्या वस्तादाच्या घरी भाकरी खायचा, तसंच हे. घरात प्रेम होतं, मैदानावर मात्र सवलत नव्हती. उलट सगळ्यांत कडक बोलणी रॉनलाच बसायची. तो वेग घेऊन पळणाऱ्या लहान चणीच्या खेळाडूंत बसत नव्हता आणि उंच उडी मारून चेंडू झेलणाऱ्या धिप्पाडांतही नाही. कुठं खेळवायचा? स्मिथ यांनी दोन्हींच्या मधली एक नवी जागाच तयार केली. रक-रोव्हर म्हणून ती जागा पुढं सगळ्या संघांनी उचलली.

सात वर्षं, सात फायनल

१९५४ ला मेलबर्न चौथा आला. म्हणजे लांबची वाट. दोन बाद सामने जिंकून संघ फायनलला पोचला, पण तिथं फुट्सक्रेने १०२-५१ असा धुव्वा उडवला. फुट्सक्रेचं ते पहिलंच अजिंक्यपद.

त्यानंतर सलग सहा वर्षं मेलबर्न साखळीत पहिला राहिला आणि प्रत्येक वर्षी फायनल खेळला. १९५५ मध्ये कॉलिंगवूडवर ६४-३६. १९५६ मध्ये पुन्हा कॉलिंगवूडच, १२१-४८. त्या दिवशी एमसीजीवर १,१५,८०२ प्रेक्षक होते. ऑलिंपिकसाठी मैदान नुकतंच वाढवलं होतं. पावणेतीन महिन्यांनी याच मैदानावर भारतानं पाकिस्तानला १-० असं हरवून हॉकीचं सुवर्ण जिंकलं. १९५७ मध्ये एसेंडनवर ११६-५५. तीन झाली.

आता प्रश्न चौथ्याचा होता. लागोपाठ चार अजिंक्यपदं एकाच क्लबच्या नावावर होती, कॉलिंगवूडच्या, १९२७ ते १९३०. आणि १९५८ च्या फायनलला समोर कॉलिंगवूडच उभं. दोन आठवड्यांपूर्वी मेलबर्नने त्यांना सहज हरवलेलं. पण त्या दिवशी कॉलिंगवूडचे खेळाडू बापजाद्यांची इस्टेट राखायला आल्यासारखे उतरले. बरासी आणि बाकी प्रमुख खेळाडूंना ढुसण्या, डिवचणं, अंगावर जाणं असं चालू ठेवलं. मेलबर्नची पोरं चिडली आणि चेंडू सोडून माणसाच्या मागं लागली. निकाल ८२-६४. कॉलिंगवूडचा विक्रम वाचला. ज्या शिस्तीवर स्मिथ यांचा सगळा भर, तीच नेमकी त्या दुपारी सुटली.

१९५९ मध्ये एसेंडनवर ११५-७८. १९६० मध्ये दुसऱ्या क्रमांकावर फिट्झरॉय होता आणि त्याचा कोच होता थोरला भाऊ लेन. सेमी फायनलला दोघे भाऊ समोरासमोर आले, धाकटा जिंकला. फायनलमध्ये कॉलिंगवूडला अख्ख्या सामन्यात फक्त १४ गुण करू दिले, स्वतःचे ६२. सात फायनल, पाच अजिंक्यपदं. १९५८ ची ती एक दुपार सुटली नसती तर लागोपाठ सहा झाली असती.

शेवटचा गोल आणि शेवटचं अजिंक्यपद

१९६४. पुन्हा मेलबर्न आणि कॉलिंगवूड. सेमी फायनलला मेलबर्नने त्यांना चिरडलं होतं. फायनल मात्र शेवटपर्यंत ताणली गेली. रे गेबेलिच हा कॉलिंगवूडचा धिप्पाड कर्णधार चेंडू आपटत आपटत एकटाच पळत सुटला आणि गोल करून त्यानं संघाला पुढं नेलं. काही मिनिटंच उरली होती.

तेव्हा नील क्रॉम्प्टन नावाचा मेलबर्नचा बचावपटू आपल्या प्रतिस्पर्ध्याच्या मागं मागं पार दुसऱ्या टोकाला आलेला होता. त्याचं काम गोल वाचवण्याचं, करण्याचं नव्हे. घोळक्यातून चेंडू सुटून त्याच्या हातात पडला, त्यानं लाथ मारली आणि गोल झाला. मेलबर्न ६४, कॉलिंगवूड ६०. सहावं अजिंक्यपद.

त्या क्षणी मैदानावर नाचणाऱ्या कुणालाही ठाऊक नव्हतं की क्लबच्या पुढच्या अजिंक्यपदासाठी तिथल्या बऱ्याच जणांचं आयुष्य पुरणार नाही.

शुक्रवारची रात्र

हंगाम संपला आणि बरासी गेला. कार्लटन क्लबने त्याला कर्णधार आणि कोच दोन्ही पदं देऊ केली होती. ज्याला घरात वाढवला, तोच आता समोरच्या बाकावर. शहरात खळबळ उडाली.

तरी १९६५ चा हंगाम मेलबर्नने आठ विजयांनी सुरू केला. मग घसरण लागली. पण खरं दुखणं मैदानाबाहेर होतं. संघ कुणी चालवायचा, कोचनं की कमिटीनं, यावरून कुरबुर वाढत चालली होती. अंपायरवर केलेल्या टीकेवरून स्मिथ यांच्यावर बदनामीचा दावा झाला होता. क्लब आपल्या पाठीशी उभा राहिला नाही, ही गोष्ट त्यांच्या मनाला लागली. स्मिथ तोंडावर बोलणारे. वाकणं स्वभावात नव्हतं. कमिटीतल्या काहींना ते डोईजड वाटू लागले होते.

२३ जुलै १९६५, शुक्रवारची रात्र. दुसऱ्या दिवशी सामना. स्मिथ यांच्या घरी तार आली. कोच म्हणून त्यांची गरज उरलेली नाही, एवढाच तिचा अर्थ.

बोलावून सांगितलं नाही, समोर बसवून विचारलं नाही. दहा महिन्यांपूर्वी अजिंक्यपद जिंकून दिलेल्या, तीस वर्षांतला बहुतेक काळ त्या क्लबात घालवलेल्या माणसाला कागदाचा एक कपटा. दुसऱ्या दिवशी वयस्कर चेकर ह्यूजेस यांना पुन्हा बाकावर बसवलं. कोबर्गच्या मैदानावर नॉर्थ मेलबर्ननं संघाला हरवलं. वर्तमानपत्रं आणि टीव्हीवर दुसरा विषय नव्हता. लोक इतके बिथरले की मंगळवारी कमिटीनं निर्णय फिरवला. स्मिथ परत कोच झाले.

पण काच तडकली ती तडकलीच. पद परत मिळालं, विश्वास मिळाला नाही. त्या वर्षी संघ पहिल्या चारांत आला नाही. पुढं तब्येतीनं साथ सोडली आणि १९६७ च्या हंगामाअखेर स्मिथ मेलबर्नमधून बाहेर पडले.

दुसऱ्याच्या घरातला दिवा

१९६९ मध्ये साउथ मेलबर्न या पडझड झालेल्या क्लबनं त्यांना बोलावलं. १९४५ नंतर या क्लबनं बाद फेरी पाहिलेली नव्हती. स्मिथ यांनी १९७० ला संघाला पहिल्या चारांत नेलं. सामना पहिल्याच फेरीत हरले, तरी एक गोष्ट घडली. बॉब स्किल्टन हा लीगमधल्या सर्वोत्तम खेळाडूचा मान तीनदा मिळवलेला माणूस आयुष्यात एकदाही बाद फेरीचा सामना खेळला नव्हता. तो त्याला त्या वर्षी मिळाला, पहिला आणि शेवटचा.

त्याच वर्षीच्या फायनलमध्ये बरासीचा कार्लटन मध्यंतराला ४४ गुणांनी मागं होता. तिथून उलटून त्यांनी कॉलिंगवूडला हरवलं. प्रेक्षक १,२१,६९६. हा आकडा फायनलसाठी आजही मोडलेला नाही. पुढं १९७७ मध्ये बरासीच्याच नॉर्थ मेलबर्नची फायनल बरोबरीत सुटली आणि आठवड्यानं पुन्हा खेळून त्यांनी ती जिंकली. गुरूनं १९४८ ला जे केलं, तेच शिष्यानं. पण ते पाहायला गुरू नव्हते. २९ जुलै १९७३ रोजी, वयाच्या ५७ व्या वर्षी नॉर्म स्मिथ यांचं निधन झालं होतं.

शाप की कमिटी?

१९७९ मध्ये लीगनं फायनलमधल्या सर्वोत्तम खेळाडूसाठी स्मिथ यांच्या नावानं पदक सुरू केलं. पहिलं पदक कार्लटनच्या वेन हार्म्सला मिळालं. योगायोग बघा, हा हार्म्स नात्यानं स्मिथ यांच्या भावंडांच्या नातवंडांपैकी. १९९६ मध्ये शतकातला सर्वोत्तम संघ निवडला गेला, तेव्हा त्याचे कोच म्हणून स्मिथ यांचंच नाव होतं. जो माणूस खेळाडू म्हणून स्वतःचा गोल सोबत्याला द्यायचा, त्याच्या नावाचं पदक एकट्या खेळाडूला मिळतं, ही गंमत आहेच.

मेलबर्नचं काय झालं? १९६४ नंतर बाद फेरी गाठायलाच १९८७ उजाडलं. १९८८ आणि २००० मध्ये फायनलला पोचले आणि दोन्हीवेळा मोठा मार खाल्ला. लोक म्हणू लागले, नॉर्म स्मिथ यांचा शाप आहे. स्मिथ यांनी कुणाला शाप दिला नव्हता. तार कमिटीनं पाठवली होती. बरासी गेला, जाणता कोच दुखावला गेला, घडी विस्कटली आणि ती बसवणारं कुणी उरलं नाही. याला शाप म्हटलं की कुणाची जबाबदारी राहत नाही, म्हणून तो शब्द सगळ्यांनाच सोयीचा वाटला.

२५ सप्टेंबर २०२१ रोजी मेलबर्नने पुन्हा फायनल खेळली. कोरोनामुळं एमसीजीऐवजी पर्थला. समोर होते वेस्टर्न बुलडॉग्ज, म्हणजे १९५४ ला स्मिथ यांना हरवणारा तोच जुना फुट्सक्रे क्लब. निकाल १४०-६६. नॉर्म स्मिथ पदक मिळालं ख्रिश्चन पेट्राका याला. स्मिथ यांच्या स्वतःच्या क्लबच्या खेळाडूच्या गळ्यात हे पदक पडायला ४२ वर्षं लागली.

तोवर मेलबर्न क्लबची एकूण अजिंक्यपदं १३ झाली होती. त्यांतली चार स्मिथ यांनी खेळून जिंकली आणि सहा कोच म्हणून. तेरातली दहा एका माणसाच्या काळातली. इतकं देऊनही त्याला सांगायला समोर कुणी आलं नाही, तार आली.